आवाजावर चालणारं पंचांग: आधी मोजणारा ठरवा, नावं मागाहून

प्रश्न थोडक्यात असा: तुम्ही अद्भुतरम्य कादंबरी लिहिताय. तिच्यातल्या समुद्राकाठच्या खोऱ्यात बारमाही दाट धुकं आहे, सूर्य-चंद्र कुणी पाहिलेले नाहीत, म्हणून लोक वेळ आवाजावर मोजतात. सात स्वरांवरून तुम्ही सात वार ठेवलेत, सात वारांचं एक ‘सप्तक’, आणि श्रुती, म्हणजे सप्तकातली सूक्ष्म स्वरांतरं, बावीस म्हणून बावीस सप्तकांचं वर्ष. तक्ता देखणा झालाय, पण हस्तलिखित वाचणाऱ्या तिघांनीही ‘गोंधळ होतो आणि खोटं वाटतं’ असं सांगितलं. आता नावं बदलावीत का, आणि परिशिष्टात तक्ता द्यावा का, असं तुमचं विचारणं आहे.

मी आधी नभोनाट्यं लिहायचो. गेली सोळा वर्षं श्राव्यमालिका आणि कादंबऱ्यांसाठी अशी जगं रचतोय, त्यामुळे या खड्ड्यात मी स्वतः पडून आलेलो आहे. म्हणून सरळच सांगतो, दुखणं नावांत नाही.

आधी साधा हिशेब. २२ गुणिले ७ म्हणजे १५४ दिवसांचं वर्ष. तुमची नायिका १९ वर्षांची आहे. १९ गुणिले १५४ म्हणजे २,९२६ दिवस, आपल्या मापाने जेमतेम ८ वर्षं. आठ वर्षांची मुलगी पहिल्याच प्रकरणात होडी घेऊन बंडखोरांना भेटायला निघते आणि तिच्या लग्नाची बोलणी चाललेली आहेत! वाचणाऱ्यांनी गणित मांडलं नसेल, पण कुठेतरी बिनसलंय हे त्यांना जाणवलं असणार. आकडा सुंदर आहे म्हणून वर्षात घालायचा, ही या धंद्यातली सगळ्यात जुनी चूक. वर्ष हे ऋतूंचं असतं, नाहीतर कशाचं तरी असतं. बावीसच्या मागे तुमच्या खोऱ्यात काय घडतं?

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. तुमचं एक वाक्य असं आहे: ‘गांधाराच्या दिवशी ती बाजारात गेली.’ गांधार खोडून मंगळवार लिहा. वाक्याचं काही बिघडलं का? नाही. म्हणजे आवाज तिथे कामाला लावलेलाच नाही, आपल्याच दिनदर्शिकेवर नव्या चिठ्ठ्या चिकटवल्यात. शिवाय मराठी वाचकाच्या डोक्यात गांधार आधीपासून भरलेला आहे. तो मनात गुणगुणून पाहतो, मग त्या दिवशी गांधार ऐकू येतो की काय याची वाट बघतो, आणि तसं काही घडत नाही. तिघांना खोटं वाटलं ते इथे.

मग आवाज कामाला कसा लावायचा? मी स्वतःला पहिला प्रश्न हा विचारतो: या जगात आवाज वेळ सांगतो, की वेळ मोजतो? आपण या दोन गोष्टींची गल्लत करतो. देवळातली घंटा, कचेरीतला टोल, गिरणीचा भोंगा हे सगळे सांगणारे. मोजणारा दुसराच कुणीतरी असतो, आणि तो बहुधा मुका असतो. आपल्याकडचं घटिकापात्र घ्या. बुडाला बारीक भोक असलेली वाटी पाण्यावर सोडायची, ती भरून बुडाली की एक घटका, म्हणजे २४ मिनिटं. अशा ६० घटका म्हणजे अहोरात्र. तास वाजवणारा नुसता निरोप्या. तुमच्या खोऱ्यात निरोपे पुष्कळ आहेत, पण मोजणारा कुणीच नाही. घंटा वाजवणाऱ्याला ती कधी वाजवायची हे कसं कळतं, याचं उत्तर मला तुमच्या तीन प्रकरणांत सापडलं नाही.

आवाजच मोजमाप झाल्याचं खरं उदाहरण हवं असेल तर आपल्याच जुन्या ज्योतिषगणितात आहे. सूर्यसिद्धान्ताच्या परंपरेत काळाचं एक छोटं माप ‘गुर्वक्षर’, म्हणजे एक दीर्घ अक्षर उच्चारायला लागणारा वेळ. दहा गुर्वक्षरांचा एक प्राण, सहा प्राणांचं एक पळ, साठ पळांची एक घटका. आजच्या मापात मांडलं तर पळ २४ सेकंदांचं, प्राण ४ सेकंदांचा आणि गुर्वक्षर ०.४ सेकंदाचं. नुसतं ‘का का का’ असं सावकाश म्हणून बघा, माप जवळपास जुळतं. इथे घंटा नाही, वाटी नाही, माणसाचा गळा हेच घड्याळ. माझी आजी गॅसवर भात ठेवून रामरक्षा म्हणायची. ‘राम रामेति’ला पोचली की गॅस बंद. तिला भाताची मिनिटं कधी ठाऊक नव्हती.

तर छोटी मापं गळ्यातून काढा. तुमच्या खोऱ्यात एखादं गाणं सगळ्यांना पाठ असू द्या, आणि ‘तो दोन कडव्यांनी आला’, ‘जखमेवर पट्टी पाच कडवी घट्ट धरून ठेव’ अशी भाषा येऊ द्या. हे वाचकाला समजावून सांगावं लागत नाही. आणि यातून आपोआप कथा निघते. घाबरलेला माणूस भरभर म्हणतो, म्हणजे भीतीत वेळ आखडतो. पहाऱ्यावरचा म्हातारा रेंगाळत म्हणतो, त्याचा पहारा लांबतो. परगावच्याला चालच वेगळी शिकवलेली, त्याची पाच कडवी तुमच्या सहांएवढी. तुमच्या तक्त्यात असं भांडण उभं करायची ताकद नाही.

मोठी मापं मात्र गळ्यावर निभत नाहीत. तिथे माणसाच्या हातात नसलेला आवाज लागतो. हे बरंचसं तुमच्या भूगोलावर अवलंबून आहे, म्हणून मी सांगतो ते जसंच्या तसं उचलू नका. पण तुमचं खोरं समुद्राला लागून आहे, तेव्हा उत्तर तुमच्या दारातच आहे: भरती. किनाऱ्यावर एक पोकळ गुहा ठेवा. पाणी चढलं की ती घुमते, उतरलं की गप्प होते. आता गंमत बघा. आपल्या कोकण किनाऱ्यावर भरती दिवसातून साधारण दोनदा येते, दोन भरत्यांमध्ये सुमारे १२ तास २५ मिनिटं जातात. म्हणजे आज अमुक वेळेला आलेली भरती उद्या सुमारे ५० मिनिटं उशिरा येणार. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमाराला उधाणाची मोठी भरती, अष्टमीच्या आसपास भांगाची, म्हणजे लहान. धुक्यात चंद्र कधीही न दिसलेल्या लोकांनाही त्या गुहेच्या आवाजावरून पंधरवडा कळेल. उधाणाला गुहा डरकाळी फोडते, भांगाला नुसती कण्हते. दिवस, पक्ष, महिना तिघेही एका गुहेतून निघाले, आणि श्रुती मोजायची गरज पडली नाही.

इथे एक दुरुस्ती. तुम्ही लिहिलंय की धुक्यामुळे दिवस-रात्र कळत नाही. कितीही दाट धुकं असलं तरी उजेड आणि काळोख कळतोच. महाबळेश्वरला पावसाळ्यात चार दिवस राहिलात तर पटेल. सूर्य दिसत नाही, पण सकाळ झालेली समजते. ही अडचण मानू नका, हे घबाड आहे. भरतीचा दिवस २४ तास ५० मिनिटांचा, उजेडाचा २४ तासांचा. दोघं रोज ५० मिनिटांनी एकमेकांपासून सरकतात आणि साधारण पंधरा दिवसांनी पुन्हा जुळतात. कोळी गुहेवर जगणार, वरच्या अंगाचे शेतकरी उजेडावर. ‘सकाळी भेटू’ म्हटलं की कुणाची सकाळ? बंडखोर आणि सरदार यांच्यातलं तुमचं भांडण सध्या करावरून आहे. मला ते फिकं वाटलं. ते या ५० मिनिटांवरून होऊ द्या.

वर्षासाठी पाऊस घ्या. आपल्याकडे एक गोष्ट शेतकऱ्याला न सांगता ठाऊक असते. वळिवाचा पाऊस गडगडत येतो आणि हस्त-चित्राचा परतीचा पाऊसही गडगडत जातो. मधली आषाढ-श्रावणातली झड बहुतेक मुक्याने पडते. म्हणजे गडगडाटाच्या दोन कमानी आणि मध्ये संततधार. त्याआधी पावशा ‘पेरते व्हा’ म्हणत असतो, पाऊस पडला की बेडूक सुरू होतात, नंतर रातकिडे. डोळे मिटून बसलं तरी वर्ष कुठे आलंय ते कळेल. मात्र हे आवाज तारखेला बांधलेले नसतात. गडगडाट कधी आठवडाभर आधी येतो, कधी पंधरा दिवस उशिरा. आपल्या पंचांगालाही चंद्राचे बारा महिने ३५४ दिवसांतच संपतात म्हणून अधूनमधून अधिक मास घालून सांधेजोड करावी लागते. तुमच्या पंचांगातही अशी फट राहू द्या आणि ती बुजवायचा अधिकार कुणाकडे आहे ते ठरवा. जिथे फट नाही ते पंचांग कागदावरचं वाटतं.

पिढ्यांएवढं मोठं माप हवं असेल तर सिकाडा वाचा. अमेरिकेत या किड्यांच्या काही जाती १३ वर्षं आणि काही १७ वर्षं जमिनीखाली काढतात, मग एकाच उन्हाळ्यात लाखोंनी वर येऊन कान किटतील इतकं ओरडतात आणि मरतात. १३ वर्षांचा एक विशिष्ट गट आणि १७ वर्षांचा एक विशिष्ट गट २०२४ मध्ये एकाच वर्षी बाहेर आले. याआधी त्या दोघांची गाठ १८०३ मध्ये पडली होती. १३ गुणिले १७, बरोबर २२१ वर्षं. तुमच्या बावीसपेक्षा हा आकडा मला कितीतरी आवडतो, कारण त्याच्या मागे जीव आहे. आणखी एक गोष्ट सांगतो, तुमच्या कथेला ती उपयोगी पडेल. हे किडे मुळांचा रस पिऊन राहतात आणि झाडाच्या वर्षाच्या फेऱ्यावरून वर्षं मोजतात असं दिसतं. संशोधकांनी प्रयोगात झाडांना एका वर्षात दोन फेरे करायला लावले, तेव्हा किडे एक वर्ष आधीच बाहेर आले. म्हणजे निसर्गातल्या मोजणाऱ्यालाही फसवता येतं! तुमच्या खलनायकाला आता काहीतरी काम मिळालं.

आता सांगणाऱ्यांकडे येतो, कारण सत्ता तिथे असते. आवाजाचा एक मूळ दोष आहे: तो उरत नाही. सावली पुन्हा बघता येते, वाजून गेलेला टोल पुन्हा ऐकता येत नाही. अर्धवट जाग आली, तीन टोले ऐकले. पण तीनच वाजले, की आधीचे दोन झोपेत गेले? ही अडचण बाबराला हिंदुस्थानात जाणवली. इथले घड्याळी रात्री घटकांचे टोले द्यायचे, पण तिसरी घटका म्हणजे कुठल्या प्रहरातली तिसरी हे झोपेतून उठलेल्याला कळायचं नाही. बाबराने आपल्या आठवणींत लिहून ठेवलंय की घटकेचे टोले झाल्यावर थोडं थांबून प्रहराचीही खूण वाजवायला त्याने सांगितलं. जपानमध्ये एदोच्या काळात वेगळी युक्ती होती. मुख्य टोल्यांआधी तीन टोले नुसते लक्ष वेधायला द्यायचे. ते मोजायचे नाहीत. तिथे मध्यरात्री आणि मध्यान्ही नऊ टोले, मग आठ, सात, सहा, पाच, चार असे उतरत जायचे आणि पुन्हा नऊ. तुम्ही एक ते सात चढते टोले दिलेत ते आपल्या सवयीमुळे. उतरते करून बघा, जग लगेच परकं वाटायला लागेल. तेही एकही नवा शब्द न घडवता.

आवाज कुठवर जातो हेही ठरवा. आवाज सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो, म्हणजे ३ किलोमीटरवरच्या माणसाला टोल ९ सेकंद उशिरा ऐकू येणार. एडिंबराला १८६१ पासून दुपारी एकला तोफ उडते, आणि त्याच वर्षी तिथे कुठल्या भागात ती किती सेकंद उशिरा ऐकू येईल याची वर्तुळं काढलेला नकाशा छापला होता. पंचांगाला या सेकंदांनी फरक पडत नाही, पण वारा फिरला की ऐकू येण्याची हद्दच बदलते, आणि त्याने पडतो. पेशव्यांच्या सैन्याने १७३९ मध्ये वसई घेतली, त्यानंतर तिथल्या चर्चमधल्या घंटा आपल्या देवळांत गेल्या. वाईजवळ मेणवलीच्या घाटावर १७०७ सालची त्यातलीच एक टांगलेली आहे, नाशकात गोदाकाठी नारोशंकराची आहे. मोठ्या आवाजाच्या माणसाला आपण अजून नारोशंकराची घंटा म्हणतो. जिंकलेल्याची घंटा उचलून आपल्याकडे वाजवायची, यात काय काय आलं ते पाहा. तुमच्या कादंबरीतलं युद्ध मला अशा एका घंटेसाठी बघायला आवडेल.

शेजारच्या दोन गावांची वेळ वेगळी असणं अशक्य वाटतं, अशी शंका एका वाचकाने काढली म्हणता. त्याला मुंबईचं सांगा. १९०६ मध्ये भारतीय प्रमाणवेळ आली, तरी त्याहून ३९ मिनिटं मागे असलेली ‘बॉम्बे टाइम’ शहरात १९५५ पर्यंत टिकून होती. आणि वेळ ही माणसांनी एकत्र ठरवायची गोष्ट आहे हे बघायला इतकंही मागे जायला नको. सांगली जिल्ह्यात मोहित्यांचे वडगाव इथे २०२२ पासून संध्याकाळी सातला देवळावरचा भोंगा वाजतो आणि दीड तास टीव्ही-मोबाइल बंद होतात. भोंग्याने नुसते सात वाजल्याचं सांगितलं नाही, पूर्वी नसलेला एक प्रहर तयार केला.

एक कबुली. माझ्या पहिल्या मालिकेतलं शहर पूर्णपणे घंटांवर चालायचं. त्यात एक म्हातारा नावाडी होता, कानांनी ठार बहिरा, आणि तो प्रत्येक ठिकाणी वेळेवर हजर व्हायचा. बारा भाग झाले तरी माझ्या लक्षात आलं नाही. एका बाईंनी कळवलं, त्यांचे वडील बहिरे होते. ‘याला वेळ कोण सांगतं?’ एवढंच विचारलं होतं. मी दोन दिवस ओशाळून बसलो, मग तेराव्या भागात म्हाताऱ्याला होडीत पाण्याने भरलेली परात दिली. घंटा वाजली की पाण्यावर शहारा उठायचा, आणि तो शहारे मोजायचा. पुढे कळलं की ऐकू येणाऱ्यांनी टोले चुकवले तरी परात चुकत नाही, आणि सबंध शहर त्याच्याकडे वेळ विचारायला येऊ लागलं. मालिकेतलं लोकांना लक्षात राहिलेलं पात्र तेच. तुमच्या खोऱ्यात ऐकू न येणारं माणूस कोण आहे, हे आजच ठरवून टाका.

शांततेचं काय, तेही बघा. बालीमध्ये न्येपी हा नववर्षाचा दिवस असतो. आदल्या संध्याकाळी प्रचंड गोंगाट, राक्षसांच्या मिरवणुका, आणि मग अख्खा दिवस बेट गप्प. रस्ते रिकामे, दिवे मंद, विमानतळसुद्धा बंद. त्यांचा शक आणि आपल्या पंचांगातला शके एकाच गणनेतले. दोन्हीकडे नवं वर्ष वसंतातच, बहुतेकदा पाडव्याच्या आसपास. आपण ते ढोल-ताशांनी सुरू करतो, ते गप्प राहून. आवाजावर चालणाऱ्या खोऱ्यात आवाज नसलेला दिवस हा बाकी सगळ्या दिवसांहून मोठा असणार, मग तो सणाचा असो की गुहा अचानक घुमायची थांबल्याचा. तुमच्या हस्तलिखितात तो दिवस कुठेच नाही, आणि माझ्या मते कादंबरी तिथूनच सुरू व्हायला हवी.

एवढं सगळं एकदम करू नका. मी असतो तर सप्तक आणि बावीस दोन्ही काढून टाकले असते, गुहा, गाणं आणि गडगडाट एवढे तीनच ठेवले असते, आणि पहिल्या पन्नास पानांत तीनांहून जास्त नवे शब्द येऊ दिले नसते. आवाज उरत नाही, तेव्हा मोजलेलं कुठेतरी जमा करणारा माणूस मात्र लागेल. दोरीला गाठी मारणारा, रांजणात खडे टाकणारा, कुणीही. त्याचा एक खडा हरवला तर खोऱ्यातला एक दिवस हरवला.

राहिला परिशिष्टातला तक्ता. तो जरूर करा, आपल्या टेबलासमोर लावा, आणि कुठलीही तारीख लिहिण्याआधी त्याच्याशी ताडून पाहा. छापू नका. प्रकाशक हट्टाने मागेल तर द्या, पण खडे मोजणाऱ्याच्या तोंडून, त्याच्या दोन-तीन चुकांसकट. आणि काही बदलायला जमलं नाही तरी नायिकेचं वय तेवढं आजच बदला.